हेडेक्स लाइट: रेंज नसलेल्या साइटवर कामाला येणारी लायब्ररी

हेडेक्स लाइट हे हुआवेच्या मोबाइल टॉवरवरच्या आणि इतर नेटवर्क उपकरणांची कागदपत्रं वाचायचं विंडोजवरचं फुकट सॉफ्टवेअर. अडतं ते एचडीएक्स फाइलींपाशी, म्हणजे ज्यांत ही कागदपत्रं (लायब्ररी) भरलेली असतात त्या फाइलींपाशी. त्या कंपनीच्या सपोर्ट साइटवरून उतरवाव्या लागतात आणि बऱ्याच फाइलींना परवानगी असलेलं खातं लागतं. एकेक फाइल शेकडो एमबींची, त्यामुळे निघण्याआधीच लॅपटॉपवर भरून ठेवलेली बरी. मग नेट नसलं तरी सगळं उघडतं.

आधी नोडवर (टॉवरच्या बेस स्टेशनवर) ‘एलएसटी व्हीईआर’ ही कमांड चालवून सॉफ्टवेअरचं व्हर्जन बघा. व्ही, आर आणि सी पुढचे आकडे लायब्ररीशी जुळले पाहिजेत. नाही जुळले तर पुस्तकात असलेला पॅरामीटर नोडला ठाऊकच नसतो. नोड कमांड नाकारतो आणि आपण टायपिंगची चूक शोधत बसतो.

सर्च ठीकठाक. अलार्मचं नाव टाकलंत तर कमांड, काउंटर, फीचर असा सगळा पसारा समोर येतो. त्यापेक्षा अलार्मचा नुसता नंबर टाका. २६५२९ टाकलं की व्हीएसडब्ल्यूआरच्या (अँटेनाकडे पाठवलेली किती पॉवर परत फिरते, याच्या मापाच्या) अलार्मचं पान: अर्थ, परिणाम, संभाव्य कारणं, दुरुस्तीच्या पायऱ्या. व्हीएसडब्ल्यूआर २ म्हणजे सुमारे ११ टक्के पॉवर परत फिरतेय. बहुतेकदा जंपरचा (अँटेनाला जोडणाऱ्या छोट्या केबलचा) कनेक्टर सैल असतो नाहीतर त्यात पाणी शिरलेलं असतं. हे मोजणारी ‘एसटीआर व्हीएसडब्ल्यूआरटेस्ट’ ही कमांड चालवण्याआधी मात्र त्या कमांडच्या पानावरची सूचना वाचाच, कारण या चाचणीत चालू सेवा तुटू शकते.

पॅरामीटर रेफरन्स, म्हणजे नोडच्या सेटिंगांची यादी, हा यातला सर्वात मोलाचा भाग, आणि सर्वात जास्त चुकाही तिथेच होतात. ‘जीयूआय व्हॅल्यू’ (आपण भरायचा आकडा) आणि ‘ॲक्चुअल व्हॅल्यू’ (प्रत्यक्षातली किंमत) हे दोन वेगळे रकाने आहेत. एलटीईमध्ये (४जीमध्ये) रेफरन्स सिग्नल पॉवरचं, म्हणजे फोन ज्यावरून सिग्नल मोजतो त्या सिग्नलच्या पॉवरचं, एकक ०.१ डीबीएम, म्हणजे १८.२ डीबीएम हवं तर १८२ भरायचं. कुणी १८ भरलं तर नोड मुकाट्याने १.८ डीबीएम घेतो, कारण तेही मर्यादेत बसतं. सेलचा (टॉवरच्या त्या कव्हरेज भागाचा) सिग्नल १६.४ डीबीने खाली जातो आणि एररही येत नाही. ‘डीफॉल्ट’ (मुळात असलेली) आणि ‘रेकमेंडेड’ (सुचवलेली) किंमत हेही एकच समजू नका.

एक गैरसोय: पानं ब्राउझरमध्ये उघडतात, पण आपल्याच मशीनच्या ७८९० पोर्टवरून. ‘लोकलहोस्ट’ने सुरू होणारी ती लिंक सहकाऱ्याला पाठवून उपयोग नाही, त्याच्याकडे ती त्याचंच मशीन शोधते. लायब्ररीचं नाव, व्हर्जन, इश्यू नंबर आणि पानाचं शीर्षक कळवा.