न्यूझीलंडची कातडी : मेंढीची की कोकराची?

न्यूझीलंडमध्ये 1982 साली 7 कोटींहून जास्त मेंढ्या होत्या. आता अडीच कोटीही नाहीत. 1984 नंतर सरकारी अनुदानं गेली आणि बरीच कुरणं दुभत्या गाईंकडे वळली. कातडं हे मांसाचं जोडउत्पादन असल्यामुळे तेही घटलं, पण दोन्ही प्रकारांत सारखं नाही.

कोकराच्या कातड्याची घसरण त्यामानाने कमी झाली. पैदाशीत सुधारणा झाल्याने एका मेंढीमागे जगणारी कोकरं वाढली. शिवाय कोकराचं सरासरी मांस-वजन 13-14 किलोंवरून 18-19 किलोंवर गेलं, म्हणजे प्रत्येक कातडंही मोठं मिळू लागलं. मला हा बदल सगळ्यात महत्त्वाचा वाटतो: नुसते नग मोजले तर तो दिसतच नाही. पातळ, मऊ, बारीक पोताचं हे कातडं कपड्यांना आणि हातमोज्यांना चालतं. फक्त उवांमुळे त्यावर बारीक गाठी उठतात आणि किंमत पडते. त्यासाठी लोकर कातरणं आणि वेळेवर औषध हाच उपाय.

मोठ्या मेंढीचं कातडं जाड, त्यावर जुन्या जखमांचे डाग जास्त. लोकरीसकट कमावलं तर गालिचा उत्तम होतो.

चामड्यासाठी मी कोकराचंच निवडेन.