हौशी व्हावे की पगारी? काउंटी क्रिकेटमधला जुना पेच

समजा, साल 1955 आहे. तुम्ही विशीतले इंग्लिश तरुण, बॅट बरी चालते आणि काउंटीने, म्हणजे तुमच्या परगण्याच्या संघाने, बोलावणे धाडले आहे. खेळायला उतरण्याआधी एक गोष्ट ठरवायची: हौशी म्हणून खेळणार की पगारी म्हणून?

खेळपट्टीवर दोघे सारखेच. खरा भेद सीमारेषेपलीकडे. हौशी खेळाडू म्हणजे ‘जंटलमन’. त्याची ड्रेसिंग रूम अनेकदा वेगळी, काही मैदानांवर आत उतरायचे फाटकही वेगळे, आणि छापील धावपत्रकात आद्याक्षरे आडनावाच्या आधी. पगारी ‘प्लेअर’ची आद्याक्षरे आडनावानंतर. लॉर्ड्सवर पगारी खेळाडू फ्रेड टिटमसच्या बाबतीत छपाईत उलटे झाले, तेव्हा ध्वनिक्षेपकावरून खुलासा झाला होता: ‘एफ. जे. टिटमस’ नव्हे, ‘टिटमस, एफ. जे.’ असे वाचावे. आपल्याकडच्या सोवळ्या-ओवळ्याची आठवण व्हावी असा प्रकार!

पण मानाने पोट भरत नाही. हौशीला मिळतो तो फक्त खर्च, आणि वडिलांची इस्टेट नसेल तर अख्खा उन्हाळा बिनपगारी काढणे अवघड. म्हणून पळवाटा निघाल्या. ट्रेव्हर बेली एसेक्स क्लबचा सचिव. पगार सचिवपदाचा, क्रिकेट मात्र हौसेचे. या कलेचे आद्य गुरू डॉ. डब्ल्यू. जी. ग्रेस. 1873-74च्या ऑस्ट्रेलिया दौऱ्यासाठी त्यांनी 1,500 पौंड घेतले, आणि तरी कागदोपत्री हौशीच राहिले.

पगारी खेळाडूचे पैसे सरळ असतात, पण बेताचे. अनेकांना हिवाळ्यात दुसरे काम शोधावे लागते. त्याची सगळी आशा बेनिफिटवर, म्हणजे बऱ्याच वर्षांच्या सेवेनंतर मिळणाऱ्या मदतनिधी सामन्यावर. केंटच्या जेम्स सेमूरच्या खटल्यात हाउस ऑफ लॉर्ड्सने 1927 साली ही रक्कम करमुक्त ठरवली, हा मोठाच आधार. 1948 साली लँकेशायरच्या सिरिल वॉशब्रुकला 14,000 पौंड मिळाले. पण ही लॉटरीच. सॉमरसेटच्या बर्टी ब्यूसने 1953 साली बेनिफिटसाठी बाथला लँकेशायरविरुद्धचा सामना घेतला. खेळपट्टी इतकी वाईट की सामना पहिल्याच दिवशी संपला. उरलेल्या दोन दिवसांची तिकीटविक्री बुडाली.

आता कर्णधारपद, कारण खरी गोम इथेच आहे. दीर्घकाळ ते हौशींसाठीच राखीव असल्यासारखे होते. वॉली हॅमंड पगारी होता; टायर कंपनीत संचालकपद मिळाल्यावर 1938 साली तो हौशी झाला आणि त्याच उन्हाळ्यात इंग्लंडचा कर्णधार म्हणून ऑस्ट्रेलियापुढे उभा राहिला. लॉर्ड्सवर 240 केल्या. हौशी विरुद्ध पगारी सामन्यांत जंटलमन आणि प्लेअर्स अशा दोन्ही संघांचे नेतृत्व केलेला तो एकटाच. बॅट तीच, बदलली फक्त पाटी.

लेन हटनने पाटी बदलली नाही. 1952 साली हेडिंग्लेला पगारी म्हणूनच तो इंग्लंडचा कर्णधार झाला, समोर विजय हजारेंचा भारत. पहिल्या डावात विजय मांजरेकरांचे 133, आणि दुसऱ्या डावात आपली शून्यावर चार बाद ही अवस्था. ती जखम जुन्या मराठी क्रिकेटवेड्यांना अजून आठवते. गंमत म्हणजे यॉर्कशायरचे कर्णधारपद मात्र हौशी नॉर्मन यार्डलीकडेच राहिले. देशाचा कर्णधार आपल्या काउंटीत दुसऱ्याच्या हाताखाली.

माझे मत विचाराल तर: घरी पैसा असेल, किंवा क्लबात खुर्ची मिळत असेल, आणि मनात कर्णधारपद असेल, तरच हौशी व्हा. एरवी पगारी. आद्याक्षरे मागे गेली तरी चालतील. महिनाअखेरीस घरभाडे द्यायचे असते.

आणि वय सोळा-सतराच असेल तर थोडे थांबलात तरी हरकत नाही. नोव्हेंबर 1962 मध्ये काउंटींची सल्लागार समिती हा भेदच रद्द करायचे ठरवणार आहे, जानेवारी 1963 मध्ये एमसीसी, म्हणजे इंग्लिश क्रिकेटचा कारभार पाहणारा क्लब, त्यावर शिक्कामोर्तब करणार आहे, आणि 1963च्या हंगामापासून सगळे नुसते क्रिकेटपटू.