हॅल प्रिन्स : निर्माता भारी की दिग्दर्शक?

ब्रॉडवेच्या, म्हणजे न्यूयॉर्कच्या व्यावसायिक रंगभूमीच्या, हॅल प्रिन्सच्या नावावर 21 टोनी (तिथले मानाचे नाट्यपुरस्कार). पण त्यातला निर्माता मोठा की दिग्दर्शक? 1954 मध्ये ‘द पजामा गेम’ हे संगीत नाटक काढलं तेव्हा निर्माता असूनही पैसे वाचवायला रंगमंच-व्यवस्थापकाचं काम त्यानेच अंगावर घेतलं. त्याने निर्माता म्हणून काढलेल्या ‘फिडलर ऑन द रूफ’चे 3,242 प्रयोग झाले, दिग्दर्शन मात्र जेरोम रॉबिन्सचं.

दिग्दर्शक प्रिन्स बघायचा तर 1966चा ‘कॅबरे’. रंगमंचावर कललेला भलामोठा आरसा, आणि बर्लिनच्या नाइटक्लबची गोष्ट बघता बघता त्यात दिसतात तिकीट काढून बसलेले प्रेक्षकच! (नेपथ्य बोरिस अ‍ॅरॉन्सनचं, हेही खरं.) माझं मत या आरशाला. पुढे ‘द फँटम ऑफ द ऑपेरा’मध्ये तर तो नुसता दिग्दर्शक, पैशांची कटकट दुसऱ्यांकडे, न्यूयॉर्कमध्ये 35 वर्षं चाललं ते.