‘डिव्होशन’ : दुकानातून काढलेला गेम, सात महिने माझ्या घरात

आधीच सांगतो, मी मोठा गेमर नाही. नाशिकला अंबडच्या कारखान्यात सीएनसी मशीनवर आहे. सेकंड शिफ्ट संपवून सिडकोत घरी पोचेपर्यंत बारा वाजतात आणि पडल्या पडल्या झोप काही येत नाही. तो तास-दीड तास माझा. त्या वेळी गोळीबाराचे गेम नकोसे होतात, कानात दिवसभराचा मशीनचा आवाज असतोच. म्हणून गोष्टीवाले गेम. हेडफोन लावायचा, लाइट घालवायचा, शेजारच्या खोलीत आई झोपलेली.

‘डिव्होशन’ श्रावणात घेतला, आता फाल्गुन चालू आहे. चार वेळा शेवटपर्यंत खेळून झाला. तसा लहान आहे, तीन-चार तासांत संपतो. तरी सात महिन्यांनी लिहितोय, कारण पहिल्या वेळी मी चुकीचा गेम खेळलो. म्हणजे गेम हाच, पण मी शोधत भलतंच होतो.

झालं होतं असं. तैवानच्या रेड कँडल गेम्स या छोट्या कंपनीने १९ फेब्रुवारी २०१९ ला हा भयगेम स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानात आणला. पहिले एक-दोन दिवस नुसतं कौतुक. मग चीनमधल्या खेळणाऱ्यांना गेममधल्या घराच्या भिंतीवर एक कागद दिसला. मंतरलेला कागद, आपल्याकडे दाराला यंत्र चिकटवतात त्यातला प्रकार. त्यावर लाल मोहोर, आणि मोहोरेत जुन्या वळणाच्या अक्षरांत शी जिनपिंग यांचं नाव आणि ‘विनी द पू’. कार्टूनमधल्या या अस्वलाशी चीनच्या अध्यक्षांची तुलना ही तिकडची जुनी थट्टा, आणि तिकडे ती खपवून घेतली जात नाही. स्टीमवर वाईट रिव्ह्यूंचा मारा सुरू झाला. कंपनीने माफी मागितली, आमच्यातल्या एकाने टाकलेला तात्पुरता मजकूर चुकून राहून गेला असं सांगितलं आणि कागद बदलला. उपयोग शून्य. आधी चीनमधून आणि आठवडा व्हायच्या आत जगभरातून गेम स्टीमवरून गेला. चीनमधल्या एका प्रकाशकाचा तर परवानाच रद्द झाला.

कल्पना करा, कुणीतरी वाड्याच्या चौकटीवर मोडीत एक वाकडं वाक्य लिहून ठेवलंय. येणाऱ्या-जाणाऱ्या शंभरात एखाद्याला वाचता येईल. पण त्या एकाने वाचलं की संपलं. ज्यांना मोडीचा म सुद्धा येत नाही त्यांचाही अपमान झालेला असतो.

याला लोक ‘बॅन’ म्हणतात, तो शब्द मला पटत नाही. स्टीमवरून गेम कंपनीने स्वतः उतरवला. तांत्रिक अडचणी आहेत, मजकूर पुन्हा तपासतोय, असं कारण दिलं. पुढे १६ डिसेंबर २०२० ला गॉग या दुकानात गेम येणार म्हणून जाहीर झालं आणि काही तासांत गॉगने ‘गेमर्सकडून बरेच संदेश आले’ म्हणत अंग काढून घेतलं. कोणते गेमर्स, कसले संदेश, काही नाही. आपल्याकडे हॉल बुक झालेला कार्यक्रम आदल्या दिवशी ‘अपरिहार्य कारणास्तव’ रद्द होतो ना, अगदी ती भाषा. त्याआधी २०२० मध्येच हार्वर्ड विद्यापीठाच्या येनचिंग ग्रंथालयाने या कंपनीचे तोवरचे दोन्ही गेम संग्रहात घेतले. म्हणजे ग्रंथालयात मिळेल पण दुकानात मिळणार नाही, अशी गत. शेवटी १५ मार्च २०२१ ला कंपनीने स्वतःच्या साइटवर स्वतःचंच दुकान उघडलं आणि तिथे ‘डिव्होशन’ १६.९९ डॉलरला ठेवला.

मी तिथूनच घेतला. आपले साधारण चौदा-पंधराशे रुपये. कार्ड पहिल्यांदा नाकारलं गेलं, कारण परदेशी व्यवहार बँकेने मुळात बंद ठेवलेले होते. बँकेचं नाव घेत नाही, पण ते सुरू करायला मला दोन सुट्ट्या लागल्या हे नमूद करतो. एकदा पैसे गेल्यावर मात्र काही कटकट नाही. फाइल उतरवायची, इन्स्टॉल करायची. डीआरएम नाही, म्हणजे खेळताना कुणाच्या सर्व्हरला ‘मी मालक आहे ना?’ असं विचारत बसावं लागत नाही. विंडोज आणि मॅक दोन्हींवर चालतो.

आता पहिल्या वेळची गोष्ट. पहिल्या रात्री मी गेम खेळलोच नाही, भिंती वाचल्या. कुठे होता तो कागद? बैठकीच्या खोलीत गेलो, कॅलेंडर बघितलं, टीव्हीशेजारची भिंत बघितली, दाराची चौकट बघितली. प्रत्येक लाल मोहोरेपाशी थांबून स्क्रीनला नाक लावलं. आता मिळतो त्या आवृत्तीत तो मजकूर नाही हे मला माहीत होतं, तरी. आणि असता तरी मला त्यातलं एक अक्षर लागलं नसतं. एवढ्यात मागे गेममधल्या बायकोच्या आवाजात जेवायची हाक आली आणि मी खुर्चीतून उडालो. तेव्हा जरा लाज वाटली. घर बघायला आलोय की पंचनामा करायला?

घर म्हणजे तैपेईमधला १९८० च्या दशकातला फ्लॅट. डू फेंग-यू नावाचा पटकथालेखक, त्याची बायको कधीकाळची गाजलेली गायिका, आणि मेई-शिन नावाची लहान मुलगी. तोच फ्लॅट वेगवेगळ्या वर्षांत पुन्हा पुन्हा दिसतो. लांबट अंधारी मार्गिका, दाराला जाळी, बैठकीत मोठ्या पोटाचा टीव्ही, कोपऱ्यात देव. सिडकोच्या जुन्या योजनेतल्या घरात वाढलेल्या माणसाला यातलं काही परकं नाही. सामान तेच, एका वर्षातून दुसऱ्या वर्षात जाताना फक्त हललेलं. एक खुर्ची कमी, देवापुढचा पसारा जास्त. भुतापेक्षा मला हे जास्त लागलं. पैसे कमी होत चाललेत हे कुणी बोलत नाही, घरच सांगतं.

मुलगी गाते, टीव्हीवरच्या स्पर्धेत उतरते. मग तिला श्वासाचा त्रास सुरू होतो. डॉक्टर सुचवतात की मनाच्या डॉक्टरला दाखवा. बाप भडकतो, माझी मुलगी वेडी आहे काय! आणि तो जातो एका गुरूबाईकडे, जिच्याकडे एका देवीची उपासना चालते. पुढचं सांगत नाही. आपल्याकडे २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्यात जे जे येतं ते डोळ्यांपुढे आणा, साधारण अंदाज येईल. गुरूबाई ओरडत नाही, धमकावत नाही, गोड बोलते. लिहिणाऱ्याने ही माणसं पाहिलेली आहेत.

आणि इथे मला मूळ नाव कळलं. चिनी नाव ‘हुआन युआन’, अर्थ नवस फेडणे. शब्दशः. इंग्रजीत ‘डिव्होशन’ म्हणजे नुसती भक्ती झाली, देवाणघेवाण गळून पडली. नवसात हिशोब असतो. तू हे दे, मी ते देईन. गेमभर तोच हिशोब चालू आहे आणि बाप प्रत्येक वेळी बोली वाढवत जातो. मराठी माणसाला हे नाव समजावून सांगावं लागत नाही, म्हणून म्हणतो की हा गेम आपल्याकडे जास्त खेळला जायला हवा होता.

एका रविवारी लॅपटॉप टीव्हीला जोडला होता. आई खाली बसून मेथी निवडत होती. पडद्यावर देवघर आलं तसं तिने वर बघितलं.

“हे कुणाचे देव?”

“तिकडचे. मुलगी आजारी आहे, बापाने नवस बोललाय.”

“मग फेडला का?”

मी म्हटलं, तेच चाललंय. ती बराच वेळ बघत राहिली. मी पाच वर्षांचा असताना मला निमोनिया झाला होता, तेव्हा तिने वणीला पायी यायचं बोललं होतं आणि चैत्रात गेलीही होती, नाशिकहून सप्तशृंगीपर्यंत, दोन मुक्काम करत. हे घरात शंभर वेळा ऐकलंय. पण त्या दिवशी पडद्यावरच्या बापाकडे बघत ती म्हणाली, “मी बोलले होते, पण तुझी इंजेक्शनं नव्हती थांबवली मी.” आणि मेथीची पाटी घेऊन आत गेली.

एवढा गेम त्या एका कागदाखाली गाडला गेला. कागद गंमत म्हणून टाकला की हलगर्जीपणा झाला, यावर लोक अजून भांडतात. माझं मत, हलगर्जीपणा होता आणि महागात पडला. आमच्याकडे जॉब डिस्पॅच होण्याआधी तीन सह्या लागतात, त्यांच्याकडे भिंतीवर काय लावलंय हे कुणी बघितलं नाही? पण त्याची शिक्षा आख्ख्या गोष्टीला का? याच कंपनीचा आधीचा २०१७ चा ‘डिटेन्शन’ खरा राजकीय गेम आहे, १९६० च्या दशकातल्या तैवानमधल्या लष्करी कायद्यावर, निषिद्ध पुस्तकं वाचणाऱ्यांवर. तो स्टीमवर आजही मिळतो. २०२४ चा ‘नाइन सोल्स’ही मिळतो. बाप-लेकीची घरगुती गोष्ट तेवढी बाहेर.

आपल्याकडेही याला कमी नाही. २००८ मध्ये मायक्रोसॉफ्टने ‘फॉलआउट ३’ भारतात आणलाच नाही, कारण दिलं सांस्कृतिक संवेदनशीलता. त्यात अणुयुद्धानंतरची दोन डोक्यांची गाय आहे आणि तिचं नाव ‘ब्राह्मिन’, त्यामुळे बहुतेकांनी बोट तिकडेच दाखवलं. मोर्चा निघायच्या आधीच दुकान बंद! पबजी मोबाइलचं प्रकरण सगळ्यांना पाठ आहे. गलवाननंतर २ सप्टेंबर २०२० ला ११८ ॲपमध्ये त्याचा नंबर लागला, आयटी कायद्याचं कलम ६९अ. मग २०२१ च्या जुलैत त्याचीच भारतीय आवृत्ती बीजीएमआय, ज्यात रक्त हिरवं करून दिलं, जुलै २०२२ मध्ये तेही स्टोअरमधून गायब, आणि मे २०२३ मध्ये तीन महिन्यांच्या चाचणीवर परत. पबजीत आणि ‘डिव्होशन’मध्ये फरक एवढाच की इथे निदान सरकारचा आदेश असतो. वाचायला मिळत नाही ते वेगळं, कारण ६९अ खालचे आदेश नियमानेच गोपनीय. आणि हाँगकाँगमध्ये जून २०२५ ला ‘रिव्हर्स्ड फ्रंट : बॉनफायर’ या तैवानी मोबाइल गेमबद्दल पोलिसांनी बजावलं की तो डाउनलोड करणंसुद्धा राष्ट्रीय सुरक्षेचा गुन्हा ठरू शकतो. तिथल्या स्टोअरमधून तो एक-दोन दिवसांत गेला. तिथे दुकानदारच नव्हे, गिऱ्हाईकही आत.

आमच्या कारखान्यातल्या एकाने असाच एक मोबाइल गेम बंद पडला तेव्हा बोनसमधून घेतलेले गेममधले पोशाख गमावले. कुठला गेम ते राहू दे. पैसे परत नाहीत, पोशाखही नाहीत. ‘आपण विकत घेत नाही रे, भाड्याने घेतो’ असं तो चहाच्या टपरीवर म्हणाला होता, आणि मी तेव्हा हसलो होतो. थेट कंपनीकडून फाइल घ्यायचं डोक्यात आलं ते तिथून.

आता वापराबद्दल. माझा लॅपटॉप पाच वर्षं जुना, आठ जीबी रॅम, साधं ग्राफिक कार्ड. चित्राचा दर्जा मध्यम ठेवला तर अडकत नाही. पंखा घोंघावतो, तो लॅपटॉपचा दोष, पावसाळ्यात जाळीत कचरा बसला होता. संवाद मँडरिनमध्ये, खाली इंग्रजी उपशीर्षकं. इंग्रजी सोपं आहे, पण चिठ्ठ्या आणि वर्तमानपत्राची कात्रणं थांबून वाचावी लागतात, आणि खरी गोष्ट त्यातच आहे. घाईत खेळाल तर नुसता दचकवणारा गेम वाटेल. पाठलागाचा जो थोडा भाग आहे तो मला अनावश्यक वाटतो, तिथे गेम उगाच इतर भयगेमसारखा होतो. कोडी सोपी. हेडफोन नसेल तर घेऊ नका, निम्मी भीती आवाजात आहे. दिवाळीनंतर हार्डडिस्क बदलली तेव्हा जुन्या कॉपीवरून इन्स्टॉल केला, नेट बंद ठेवून. मुद्दाम. चालला.

लहान मुलांसमोर नको. भाचा चौदाचा आहे, मागे लागलाय, त्याला ‘डिटेन्शन’पण देणार नाही इतक्यात. घरात आजारी मूल असेल तर तुम्हीही थांबा थोडे दिवस, हे मनापासून सांगतो. बाकी पाचपैकी साडेचार. अर्धा त्या पाठलागाचा कापला.

दोन कॉप्या ठेवल्यात. एक जुन्या हार्डडिस्कवर, एक पेनड्राइव्हवर. पेनड्राइव्ह कपाटात रेशनकार्डाच्या पाकिटात आहे, कारण त्या पाकिटातली वस्तू आमच्या घरात कधी हरवत नाही. परवा केवायसीसाठी कार्ड काढताना तो आईच्या हाताला लागला.

“ती पोरगी यातच का?”

हो म्हटलं. ती बरी होते का, हे काही तिने विचारलं नाही. पदराने पुसून पेनड्राइव्ह परत आत ठेवला.