एकतर्फी निकाल: पुण्याला अर्ज की मुंबईला अपील?

नाशिकच्या करदात्याचं अपील पुण्याच्या आयकर अपील न्यायाधिकरणाने गैरहजेरीत निकाली काढलं, तर आधी पुण्यालाच अर्ज करावा. १९६३ च्या नियमावलीतल्या नियम २४ नुसार, गैरहजेरीचं सबळ कारण पटलं की आदेश रद्द होऊन अपील पुन्हा सुनावणीला लागतं. नुसतं ‘नोटीस मिळाली नाही’ म्हणून भागत नाही. प्रतिज्ञापत्र, दवाखान्याचे कागद, ईमेलच्या प्रती जोडा. फॉर्म ३६ (न्यायाधिकरणात अपील दाखल करायचा नमुना) वरचा पत्ता बदलूनही कळवला नसेल, तर बाजू लंगडी. या अर्जाच्या मुदतीवर वाद होतो, म्हणून १९६१ च्या आयकर कायद्यातल्या कलम २५४(२) चे (आदेशातली चूक दुरुस्त करून घेण्याचे) सहा महिने उलटू देऊ नका. त्या कलमाखालच्या अर्जाची फी अवघी ५० रुपये!

मुंबई उच्च न्यायालयात कलम २६०अ खाली १२० दिवस मिळतात, पण कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न लागतो. तारीख चुकली, एवढ्यावर तो सहसा उभा राहत नाही.