आयरिश टिन व्हिसल: वाजायला भारी, आतलं पत्रक मात्र फेकून द्या

चार स्टार. एक कापलाय तो वाद्यासाठी नाही, सोबत जे पत्रक येतं त्यासाठी, त्यावर पुढं बोलते.

वस्तू म्हणजे डी की ची पितळी टिन व्हिसल, आयर्लंडात बनलेली, सहा भोकं, वर हिरवं प्लास्टिकचं तोंड, उभी धरून वाजवायची. ऑनलाइन मागवली, शिपिंग धरून हजाराच्या जरा वर गेली, बेळगावातल्या शहापूरला घरपोच आली, पॅकिंग ठीक. बेळगावात मिळत नाही हो, विचारून बघितलं, एका वाद्यांच्या दुकानात तर मालक माझ्या भाचीकडं बघून म्हणाले, "मुलीला बासरी-बिसरी कशाला वैनी, पेटी घ्या की, भजनाला तरी उपयोगी पडंल." त्यांचा हेतू वाईट नव्हता, आमच्याकडं सगळेच असं बोलतात, पोरीला गाणं नाहीतर पेटी आणि पोराला तबला नाहीतर बासरी, कुणी कधी ठरवलं कुणास ठाऊक. भाची तिथंच म्हणाली, "मी वाजवतो की गं मावशी." झालं, घरी येऊन ऑर्डर टाकली.

आता वाद्य. सगळी भोकं बंद करून हळू फुंकलं की पांढरी दोनचा सा येतो, खालून एकेक बोट उचलत गेलं की सरळ बिलावल, म्हणजे सगळे शुद्ध सूर, तेच परत जरा जोरात फुंकलं की वरचं सप्तक. आपल्या आडव्या बासरीत पहिले कित्येक दिवस नुसती हवाच जाते आणि डोकं गरगरतं, इथं तसलं काही नाही, लहान पोरगं पण पहिल्या फुंकीत सूर काढतं. कोमल नी पाहिजे असेल तर वरचं पहिलं भोक उघडं, त्याच्या लगेच खालची दोन बंद, बाकीची उघडी, मस्त लागतो. कोमल गंधार मात्र अर्ध्या भोकावर बोट ठेवून काढायचा आणि भोकं इतकी बारीक आहेत की तो कधी लागतो कधी नाही, त्यामुळं यावर राग वाजवीन म्हणून घेणार असाल तर घेऊ नका, मींड, म्हणजे एका सुरावरनं दुसऱ्यावर घसरत जाणं, थोडी निघते पण जीव नाही त्यात.

वरचे सूर कर्कश आहेत, खोटं कशाला बोलू. शेजारच्या काकू कंपाउंडवरनं विचारून गेल्या, "काय गे, कुकर लावलाय की काय?" त्यावर उपाय आहे. तोंडाच्या खालच्या बाजूला, हवा जाते त्या चिरेच्या खाली, एक पोकळ खड्डा असतो, त्यात पोस्टर चिकटवायची निळी पुट्टी दाबून सपाट करायची, हवेच्या वाटेत मात्र अजिबात येऊ द्यायची नाही. आवाज गोल होतो, वरचा षड्ज ओरडत नाही. दुसरं म्हणजे तोंड कंपनीतनंच गोंदानं चिकटवलेलं असतं आणि आमची व्हिसल तानपुरा ॲपच्या डी ला जरा चढी लागत होती, म्हणून तेवढा भाग गरम पाण्यात धरला, गोंद सुटला, मग हळूच पिरगाळून किंचित वर ओढला की सूर जुळला. आमच्या पावसाळ्यात तोंडात लगेच पाणी साठतं आणि आवाज घोगरा होतो, तेव्हा तोंडावर जी उघडी खिडकी असते तिच्यावर बोट ठेवून एक जोरात फुंकर मारायची. आणि पितळ दिसलं म्हणून पितांबरी घेऊन बसू नका, वर लॅकर असतं, ते जातं.

आता पत्रक. वर चित्र काय तर पबमधलं टेबल, फेसाचे ग्लास, दाढीवाले टोपीवाले चार बाप्ये वाजवत बसलेत. आत व्हिसलचा 'इतिहास' म्हणून अर्धं पान आणि त्यात एकजात पुरुषांची नावं. बाई एकच, कोपऱ्यात, नाचणारी. मला आधी काही वाटलं नाही, पण नंतर हे वाद्य शिकायचं कुणाचं ऐकून म्हणून शोधायला लागले तर जो तो एकच नाव घेतोय, मेरी बर्गिन! डब्लिनकडची बाई, १९७९ साली तिचा 'फडोगा स्टॉन' हा अल्बम आला आणि तेव्हापासून व्हिसल शिकणारा माणूस तो ऐकूनच शिकतो म्हणे. म्हणजे त्या वाद्याची जी सगळ्यात मोठी उस्ताद, तिचंच नाव त्या वाद्याच्या डब्यात नाही. हा विनोद आहे का काय?

तिचं वाजवणं एकदा स्पीड अर्ध्यावर आणून ऐका. रोल म्हणतात ते पकडायला. सूर धरायचा, वरचं एक बोट क्षणभर उचलून टाकायचं, परत सूर, मग खालचं बोट नुसतं टपकन आपटायचं, परत सूर, हे सगळं आपण 'आलं' म्हणेपर्यंत होऊन जातं. आपल्या कणस्वराच्या, म्हणजे मुख्य सुराला ओझरत्या लागणाऱ्या सुराच्या, जवळचं आहे पण गळ्याऐवजी बोटात. जिग, म्हणजे आयरिश नाचाची एक धून, सहा मात्रांची असते, भाची दादऱ्यावर टाळी देत बसते, बसतं ते बऱ्यापैकी, झोका वेगळा आहे पण चालतंय.

मग मी वाचतच सुटले, रात्री जेवणं आवरली की हेच. बेलफास्टला १७९२ मध्ये जुन्या हार्पवाल्यांचा, म्हणजे मोठं तारांचं वाद्य छेडणाऱ्यांचा, मेळा भरला होता, त्यात बाई एकटीच, रोझ मूनी, आंधळी. पुढं हार्प उलट बायकांचंच वाद्य होऊन बसलं, दिवाणखान्यातलं, आणि पाइप्स, म्हणजे पिशवीत हवा भरून वाजवायचं वाद्य, मात्र पुरुषांचे राहिले. क्लेअर भागात काँसर्टिना बायका घरोघरी वाजवायच्या, आपल्या पेटीसारख्याच आत धातूच्या रीड असलेलं छोटं वाद्य, स्वयंपाकघरात नाच व्हायचे तेव्हा. मग १९३५ मध्ये सरकारनं कायदा केला, लायसन असल्याशिवाय सार्वजनिक नाच नाही, त्याचा दणका घरातल्या नाचांना पण बसला, वाजवणं हळूहळू हॉलमध्ये आणि नंतर पबमध्ये गेलं, आणि तिथं बायकांनी जाऊन बसणं लोकांना चालत नव्हतं. म्हणजे बघा, बायका वाजवायच्या थांबल्या असं कुणी म्हणेल, पण जागाच हलवली की हो.

किलरशमधली एक बाई, एलिझाबेथ, १८८५ चा जन्म, नवऱ्याबरोबर पब चालवायची आणि काँसर्टिना वाजवायची. रेडिओवाल्यांनी रेकॉर्ड केलं १९५० नंतर, म्हणजे वय साठीच्या पुढं गेल्यावर. अख्खा आयर्लंड तिला ओळखतो ते 'मिसेस क्रॉटी' म्हणून. इतकी मोठी वादक आणि नाव नवऱ्याचं. हे वाचून मला आमच्या गंगूबाई हनगलच आठवल्या, त्या म्हणायच्या की गवई मुसलमान असला तर उस्ताद होतो, हिंदू असला तर पंडित होतो, आणि केसरबाई, मोगूबाई मात्र बाईच राहतात. १९२४ च्या बेळगाव काँग्रेसला शाळकरी गंगूबाई गांधीजींसमोर स्वागतगीत गायल्या होत्या, आपण रोज काँग्रेस विहिरीवरनं गाडी मारत जातो, तिथं कुणाला हे आठवतं सांगा.

सगळंच वाईट आहे असं नाही. १९८५ ला न्यूयॉर्कमध्ये फक्त बायकांचा ग्रुप निघाला, चेरिश द लेडीज, त्यांची पुढारी जोनी मॅडन स्वतः बासरी आणि व्हिसल वाजवते, ऐकाच. आणि २०१८ मध्ये फेअरप्ले म्हणून मोहीम उभी राहिली, कलाकार बायकाच विचारायला लागल्या की फेस्टिवलच्या स्टेजवर आम्ही किती, हिशोब दाखवा. आपल्याकडं गणपतीच्या कार्यक्रमात असं कुणी विचारलं तर मंडळवाले म्हणतील, "आहे की निवेदिका!"

कंपनीच्या हेल्पलाइनला मेल टाकलाय पत्रकाबद्दल, उत्तर आलं 'तुमचा अभिप्राय पुढे पाठवला आहे', कुठं पाठवला देव जाणे. भाचीनं पत्रकावरच्या दाढीवाल्यांना पेनानं कुंकू लावून ठेवलंय, तेवढाच उपयोग झाला त्याचा.

घ्यावी का? पोरीला घ्यायची असेल तर डोळे झाकून घ्या, स्वतःला घ्यायची असेल तरी घ्या, चाळिशीनंतर बोटं वळत नाहीत वगैरे सगळं थोतांड आहे, रोज थोडा वेळ काढला तर महिन्याभरात एखादी सोपी जिग निघते. घेताना डी चीच घ्या, सी ची स्वस्त दिसली तरी नको, ऑनलाइन धडे बहुतेक डी मध्येच असतात. शक्यतो दोन एकदम मागवा, शिपिंग जवळपास तेवढंच पडतं, आणि आमच्या घरात आता एक व्हिसल आणि दोघी वाजवणाऱ्या, रोज संध्याकाळी भांडण ठरलेलं.