एल्ब्रुसची केबल कार: आझाऊ ते गाराबाशी

रशियातला एल्ब्रुस (5642 मीटर) हा झोपलेला ज्वालामुखी. दक्षिणेकडून चढणारे बहुतेक सगळे आझाऊच्या केबल कारने वर जातात. आझाऊ 2350 मीटरवर, पुढे क्रुगोझोर 3000, मीर 3500 आणि 2015च्या डिसेंबरमध्ये सुरू झालेलं गाराबाशी 3847. मधे दोनदा उतरून डबा बदलावा लागतो आणि सामान आपणच उचलायचं. एका अजस्र डफलपेक्षा दोन मध्यम बॅगा बऱ्या.

सोय म्हणून ही केबल कार उत्तमच. सांभाळायचं ते तिच्या वेगापासून. आपल्या कळसूबाईची समुद्रसपाटीपासूनची उंची 1646 मीटर, आणि ही तासाभराच्या आत 1497 मीटर वर नेऊन सोडते. गाराबाशीला हवेचा दाब समुद्रसपाटीच्या जेमतेम 62 टक्के. पहिल्याच दिवशी तिथे मुक्काम टाकला की रात्री डोकं ठणकतं, मळमळतं, जेवण जात नाही. चढाई बहुतेक वेळा तिथेच फसते.

म्हणून पहिल्या दिवशी शेजारच्या चेगेटवर पायी 3000 मीटरच्या आसपास जाऊन खाली यावं. दुसऱ्या दिवशी केबल कारने गाराबाशी, वर दोनेक तास चालणं आणि झोपायला परत खालच्या तेरस्कोल गावात. सामान घेऊन वर राहायला जायचं ते तिसऱ्या दिवशी. चौथ्या दिवशी पास्तुखोव्ह खडकांपर्यंत (सुमारे 4700) पायी जाऊन परत, मग एक दिवस पूर्ण विश्रांती. हवामानासाठी आणखी दोन दिवस हाताशी हवेतच.

शिखराची चढाई मध्यरात्रीनंतर सुरू होते, केबल कार सकाळी. त्यामुळे आदली रात्र वरच्या झोपड्यांतच काढावी लागते. उतरताना शेवटचा डबा चुकला तर कडक बुटांनी आझाऊपर्यंत पायपीट. बंद व्हायची वेळ त्याच दिवशी तिकीट खिडकीवर विचारून घ्या. जोराचा वारा सुटला तर सेवा मधेच थांबते.

काही जण बर्फावरच्या रॅट्रॅक गाडीने 4700च्याही वर जातात. भाडं अख्ख्या गाडीचं असतं, माणसं जमवली की परवडतं. पण ज्यांना उंचीच्या सवयीसाठी पुरेसे दिवस मिळालेले नाहीत त्यांच्यासाठी हा पर्याय घातकच. शिवाय धुक्यात उतरताना खुणेच्या काठ्या सोडून भरकटलं तर थेट हिमभेगांच्या पट्ट्यात शिरायला होतं, तेव्हा जीपीएसवर वाट आधीच टाकून ठेवा.

भारतात काढलेली व्हिसा आणि मास्टरकार्डची कार्डं 2022च्या मार्चपासून रशियात चालत नाहीत. तिकीट, झोपडी, रॅट्रॅक या सगळ्यांसाठी रूबल रोखच जवळ हवेत.